लाइनीचा चौदावा अर्थ

एवढासा शब्द, पण ‘लाइन’ने कोशाच्या कचेरीच्या नाकी नऊ आणले होते. ‘ल’ अक्षराचे बाकीचे शब्द केव्हाच तयार होऊन बसले होते. ‘लायसन’ झाला, ‘लिफ्ट’ झाली, ‘लेट’सुद्धा वेळेवर आटोपला. ‘लाइन’ मात्र सात महिने टेबलावर ठाण मांडून बसली होती आणि शनिवारी पानं छपाईला द्यायची होती.

कोश होता रोजच्या बोलण्यात मुरलेल्या इंग्रजी शब्दांचा. ते शब्द आपल्याकडे कसे आले यापेक्षा आल्यावर आपण त्यांचं काय काय केलं, हे त्यात नोंदवायचं होतं. इमारत जुनी, दुमजली. खाली छापखाना आणि बाइंडिंग, वर तीन खोल्यांची कचेरी. त्यातल्या मधल्या खोलीची एक भिंत सगळी लाकडी खणांची होती आणि त्या खणांत दीड लाख कार्डं होती. ही कार्डं लावणारी, काढणारी, हरवली तर शोधणारी बाई पन्नाशीची होती. एकोणीस वर्षं ती या भिंतीसमोर उभी होती, म्हणून सगळी इमारत तिला कार्डताई म्हणायची. तिचं खरं नाव फक्त पगाराच्या पावतीवर असे.

प्रत्येक कार्डावर एक वाक्य, ते कोण म्हणालं, कुठे म्हणालं आणि तारीख. वाक्य कुणीतरी खरोखर उच्चारलेलं पाहिजे. “मनातून काढायचं असेल तर कादंबरी लिहा, इथे नको,” असं मुख्य संपादक नव्या माणसाला पहिल्याच दिवशी ऐकवत. हे संपादक उंच, शिडशिडीत आणि तोंडाने तुसडे. न पटलेला अर्थ ते इतक्या झटक्यात उडवत, की त्यांच्यामागे सगळे त्यांना कात्री म्हणत. त्यांना ते माहीत होतं आणि ते त्यांना आवडतही असावं.

‘लाइन’चे तेरा अर्थ कात्रीतून सुटले होते. तिकिटाच्या खिडकीपुढची लाइन सगळ्यात आधी सुटली. मग मुलगा कोणत्या लाइनीत आहे अशी चौकशी करणारे पाहुणे आले. लाइन गेली की अख्खी गल्ली काळोखात बसते, प्लंबरची लाइन तुंबते, पेपरवाल्याची लाइन म्हणजे त्याची ठरलेली घरं. उनाड पोरगा एकदाचा लाइनीला लागतो आणि आगाऊ माणसाला नीट लाइनीत ये म्हणून दम देता येतो. ‘लाइन मारणे’ यावर तर अर्धा तास गेला होता, कारण खालच्या बाइंडरकाकांनी तो अर्थ हातवारे करून समजावायला घेतला होता. टाइप करणारी मुलगी शेवटी तोंडाला ओढणी लावून बाहेर पळाली.

चौदावा अर्थ अडकला होता. त्याचं एकच कार्ड होतं आणि ते कार्डताईच्या वडिलांचं होतं.

वडील टेलिफोन खात्यात दुरुस्तीवाले. घरी आले तरी हात स्वस्थ बसत नसत. शेजारपाजारचे मिक्सर, इस्त्र्या, भिंतीवरची घड्याळं त्यांच्यापुढे उघडी पडलेली असायची. दातांत दोन स्क्रू धरलेले, मान खाली. मुलगी शाळेतलं काहीबाही सांगायला लागली की ते वर न बघता म्हणायचे, “तू बोल गं, मी लाइनवर आहे.” बघत नाहीत म्हणजे ऐकत नाहीत, असं तिला लहानपणी वाटे. पण दप्तराचा पट्टा उसवलाय हे तिने तिसऱ्याच कुठल्यातरी गोष्टीत ओझरतं सांगावं आणि सकाळी तो शिवलेला मिळावा, असं पुष्कळदा झालं. नोकरीला लागल्यावर पहिल्याच वर्षी तिने ते वाक्य कार्डावर उतरवलं. व्यवसाय टेलिफोन दुरुस्ती, स्थळ घर, पुढ्यात मिक्सर. खाली अर्थ लिहिला: हातातलं काम न सोडता, समोरच्याकडे न पाहता, पण मन लावून त्याचं ऐकत असणे, फोनचा संबंध नाही. त्यानंतर दोन वर्षांनी वडील गेले.

आता घरी ती आणि आई अशा दोघीच. आई त्र्याऐंशीची, डोळ्यांनी अधू, कानांनी खणखणीत. वडिलांचं वाक्य कोशात येणार असं कार्डताई एकदा उत्साहाच्या भरात बोलून गेली होती आणि ते तिच्या चांगलंच अंगाशी आलं होतं. रोज संध्याकाळी चपला काढायच्या आत प्रश्न यायचा, “छापलं का गं ह्यांचं?” आईने भिंगसुद्धा घासूनपुसून खिडकीत ठेवलं होतं. कार्डताईलाही ते छापून यायला हवं होतं, आईपेक्षा तसूभरही कमी नाही. आयुष्यभर दुसऱ्यांची वाक्यं जपली, एक आपल्या माणसाचं आत जावं, एवढंच तिचं म्हणणं होतं.

पण नियम आडवा येत होता. एका घरात चालतं ती भाषा नव्हे, ते त्या घरातलं लाडाचं बोलणं. म्हणून प्रत्येक अर्थाला निदान दोन वेगळ्या घरची कार्डं लागत आणि त्यांतल्या सगळ्यात जुन्या कार्डावरचं वाक्य कोशात छापलं जाई. दुसरं घर काही केल्या मिळत नव्हतं. टेलिफोन खात्यातल्या तीन निवृत्त माणसांना ती भेटून आली होती. दोघांनी नाही म्हटलं. तिसरा म्हणाला, “मी कधी म्हटलेलं नाही, पण लिहा माझं नाव, तुमचं काम होऊ दे.” ती पाणी पिऊन, आभार मानून परत आली.

आता उरली होती गुरुवारची हातबैठक. ही या कचेरीची जुनी पद्धत. दुपारी तीन वाजता इमारतीतली सगळी माणसं वर बोलवायची, छापखान्यातली, बाइंडिंगमधली, झाडणारी, पुसणारी, फाटकावरची. संपादक अडलेला अर्थ वाचून दाखवत आणि जो माणूस तो शब्द तसा वापरत असेल त्याने हात वर करायचा. हात वर झाला की त्याचं कार्ड जागच्या जागी लिहिलं जाई.

“लाइन. अर्थ चौदावा,” कात्रींनी चष्मा नाकावर ठीक केला आणि व्याख्या वाचली. मग कार्डावरचं वाक्य वाचलं. कार्डताई खिडकीतून बाहेर बघत राहिली. कुणी हात वर करणार नाही याची तिने मनाची तयारी केली होती.

तीन हात वर झाले.

“मी रोज म्हणतो,” बाइंडरकाका म्हणाले. त्यांच्या बोटांवर सरस वाळला होता. “घरी हिचा पट्टा सुरू झाला ना, की पेपर खाली न करता म्हणतो, बोल, मी लाइनवर आहे.”

खोलीत हशा पिकला. झाडणाऱ्या मावशी म्हणाल्या, “मी नातीला म्हणते. भांडी घासताना ती मागे उभी राहून पाढे म्हणते, तेव्हा.” वॉचमन म्हणाला, की फाटकावर गाडीचा नंबर लिहीत असताना ड्रायव्हर गाऱ्हाणं सांगत असतो, त्याला तो हेच म्हणतो.

कात्रींचा चेहरा सहसा खुलत नसे, तो खुलला. “तीन घरं! आणि आपण गावभर हिंडत होतो. मंजूर करू या.” त्यांनी पेनाचं टोपण काढलं. “कुणाकडून ऐकलंत, आठवतंय?”

“त्यात काय ऐकायचं?” वॉचमन म्हणाला. “सगळेच म्हणतात की.”

कार्डताईने तिघांकडे आळीपाळीने पाहिलं. तिला आठवत होतं. मावशी गुडघ्यांचं दुखणं सांगायच्या तेव्हा ही खणात डोकं घालून असायची आणि म्हणायची, “सांगा मावशी, मी लाइनवर आहे.” वॉचमनने बायकोच्या ऑपरेशनची हकिकत सांगितली तेव्हाही, सरसाचा दर्जा किती घसरलाय हे काका दर पंधरवड्याला सांगायला येत तेव्हाही. एकोणीस वर्षं ती इथे वडिलांचं वाक्य पेरत आली होती आणि तिच्या ते गावीही नव्हतं. ज्या बाईने दुसऱ्यांचे शब्द टिपायचे, तिनेच सगळ्या इमारतीच्या तोंडात आपला शब्द घालून ठेवला होता.

आणि यासाठी कोशात एक खास नियम होता. पहिल्या आवृत्तीच्या वेळी एका सहायकाने ‘फाइल होणे’ म्हणजे लग्न ठरणे, असा अर्थ स्वतःच्या डोक्यातून काढला, गोड बोलून कचेरीभर चालू केला आणि चार कार्डं जमवून छापून आणला. वाचकांची पोत्याने पत्रं आली. तेव्हापासून ठरलं होतं, की कोशात काम करणाऱ्याच्या तोंडून शब्द पसरला असेल, तर त्याच्या घरचं कार्ड बाद आणि या इमारतीतली सगळी कार्डंही बाद. तो शब्द इमारतीबाहेर तीन घरं ओलांडून गेलेला सापडला तरच धरायचा आणि वाक्यही तिथलंच छापायचं.

तिने गप्प राहायचं ठरवलं असतं तर खोटं बोलावं लागलं नसतं. तिला कुणी काही विचारलंच नव्हतं. बाबांचं कार्ड सगळ्यांत जुनं, तेच छापलं गेलं असतं. कात्रींचं पेन कागदाला टेकलं.

“सर, थांबा,” ती म्हणाली. “हा माझ्याकडून पसरलाय.”

“काय पसरलंय?”

“शब्द. मी घरून आणला, बाबांचा. आणि मग मी यांच्याशी रोज तसं बोलत गेले. या तिघांनी तो माझ्याकडूनच उचललाय.”

बाइंडरकाकांना हे मुळीच आवडलं नाही. “तुमच्याकडून? अहो, हे माझं बोलणं आहे! मी काय तुमची नक्कल करतो?”

“काका, सरसाबद्दल सांगायला येता तेव्हा मी काय म्हणते?”

काकांनी तोंड उघडलं, विचार केला आणि मिटलं. मावशी आपल्या हाताकडे अशा बघायला लागल्या, जणू तो चुकून दुसऱ्याचाच वर झाला होता.

कात्रींनी टोपण लावलं. “खात्री आहे?”

“आहे.”

“पण आता तो तेवढ्यावर राहिलाय कुठे?” काका तावातावाने म्हणाले. “माझा जावई बस डेपोत आहे. तो म्हणतो. त्याच्या डेपोत सगळे म्हणतात म्हणे. त्या सगळ्यांचं काय करता?”

“कुठला डेपो?” कात्रींनी विचारलं. काकांनी सांगितलं. कात्रींनी ते कागदाच्या कोपऱ्यात टिपलं, चौदाव्या अर्थासमोर प्रश्नचिन्ह काढलं आणि बैठक संपवली.

जिन्यात मावशींनी तिला गाठलं. “तोंड उघडायची काय गरज होती? चांगलं होत होतं ना?” कार्डताई पायऱ्या उतरत राहिली. तिला वडिलांची आठवण वगैरे काही येत नव्हती, तिला फक्त स्वतःचा राग येत होता. कधी नव्हे ते सगळं जुळून आलं होतं आणि तिने आपल्या हाताने त्यावर पाणी ओतलं होतं. संध्याकाळी आईने विचारलं तेव्हा ती म्हणाली, “उद्या कळेल,” आणि आत निघून गेली.

शुक्रवारी कात्री कचेरीत आलेच नाहीत. असं आजवर कधी झालेलं कुणाच्या स्मरणात नव्हतं. कुणी म्हणालं ताप असेल, कुणी म्हणालं रुसले असतील. बाइंडरकाका सकाळभर कार्डताईशी बोलले नाहीत. दुपारी मात्र ते स्वतःच वर आले, खणांपाशी उभे राहिले आणि म्हणाले, “तुम्ही म्हणता तसंच आहे. रात्री हिला विचारलं. ती म्हणते, तुम्ही या नोकरीला लागायच्या आधी मी नुसतं ‘हं’ म्हणायचो.”

तीन वाजून गेल्यावर जिन्यात पावलं वाजली. कात्री आत आले तेव्हा त्यांच्या पॅंटच्या गुडघ्याला काळं ग्रीस लागलं होतं आणि केसांत धूळ होती. त्यांनी पाणी मागितलं, एका दमात ग्लास रिकामा केला आणि खुर्चीत बसले.

“सकाळी आठपासून डेपोत होतो,” ते म्हणाले.

“कुणाला विचारलंत?” कार्डताई म्हणाली.

“विचारतो कशाला? विचारलं की माणूस आपल्याला हवं तेच बोलतो. छत्री हरवली म्हणून सांगितलं आणि बाकावर बसलो. चार वेळा माझी छत्री शोधून झाली त्यांची. फार भली माणसं आहेत, एकाने तर स्वतःची देऊ केली.” त्यांनी खिशातून एक कार्ड काढलं. “दीड वाजता एक मेकॅनिक बसखाली शिरला. बाहेर नुसते पाय. एक कंडक्टर त्या पायांशी उकिडवा बसून आपल्या बदलीचं रडगाणं सांगायला लागला. मी वाकून ऐकत होतो, त्यात हा गुडघा गेला.”

कार्ड त्यांनी तिच्यापुढे सरकवलं. त्यावर लिहिलं होतं: तू बोल रे, मी लाइनवरच आहे. मेकॅनिक, बस डेपो, बसखालून.

“बाहेर आल्यावर मग विचारलं, कुणाकडून उचललंस. त्याने डिझेल भरणाऱ्याचं नाव घेतलं. डिझेलवाला म्हणाला, एका ड्रायव्हरकडून. ड्रायव्हरने बाइंडरकाकांच्या जावयाचं नाव घेतलं. जावई, ड्रायव्हर, डिझेलवाला, मेकॅनिक. चौथं घर झालं. मेकॅनिकने तुमच्या काकांचं नावही ऐकलेलं नाही, तुमचं तर दूरच.” कात्रींनी चष्मा पुसला. “अर्थ चौदावा मंजूर. वाक्य मेकॅनिकचं. आता तुमचं कार्ड.”

बाद कार्डावर ज्याने ते लिहिलं त्यानेच तसा शेरा मारायचा, अशी रीत होती. कार्डताईने खण उघडला. अठरा वर्षांपूर्वीचं तिचं अक्षर गोल होतं, आता ते तसं राहिलेलं नव्हतं. तिने वाक्यावरून एकदा नजर फिरवली. त्याखाली लिहिलं, ‘बाद. कोश-कर्मचाऱ्याचे घर.’ तारीख घातली, सही केली. मग कार्ड कात्रींपुढे धरलं.

कात्रींनी कार्ड घेतलं आणि बादच्या पेटीत टाकण्याआधी पुन्हा वाचलं. “वाक्य चांगलं होतं,” ते म्हणाले.

घरी आई मटार सोलत बसली होती. समोर परात, मांडीवर वर्तमानपत्र, त्यावर सालांचा ढीग. कार्डताईने चपला काढल्या आणि या वेळी प्रश्न यायच्या आतच सगळं सांगून टाकलं. बैठक, तीन हात, आपण काय बोललो, डेपो, बसखालचा माणूस.

आईने ऐकून घेतलं. “म्हणजे बसखाली आडव्या पडलेल्या माणसाचं छापणार आणि ह्यांचं नाही.”

“हो.”

“आणि तू गप्प बसली असतीस तर?”

“तर बाबांचं छापलं असतं.”

आई रागावली. तिचा राग आवाजात नसे, बोटांत असे. शेंगा कटाकट मोडल्या जाऊ लागल्या. कार्डताई तिच्यासमोर जमिनीवर बसली आणि तीही सोलायला लागली. परातीत दाण्यांचा थर चढत गेला.

“किती माणसं गं त्या डेपोत?” आईने विचारलं.

“शे-दीडशे असतील.”

“सगळी तसं म्हणतात?”

“बरीचशी म्हणतात, म्हणाले सर.”

“आणि ते कुणाचं, हे त्यांच्यातल्या एकालाही ठाऊक नाही.”

“नाही. कोशातही नाही येणार.”

आईने एक मोठी शेंग उचलली, ती किडकी निघाली, बाजूला टाकली. “तू चार वर्षांची असशील,” ती म्हणाली. “मोठं वादळ झालं होतं. अख्ख्या गावातले फोन बंद. हे तीन दिवस खांबांवर चढलेले. चौथ्या दिवशी घरी आले तर तळहाताची सालं गेलेली, घास उचलता येईना. मी भरवत होते. तेवढ्यात समोरच्या घरात फोन वाजला. तिथल्या बाईचा मुलगा परदेशी होता, तिला चार दिवस काही कळलेलं नव्हतं. ती बाई अशी ओरडून बोलत होती, हसत होती, रडत होती, अख्ख्या गल्लीला ऐकू जात होतं. मला इतका राग आला. मी म्हटलं, थांबा, जाऊन सांगतेच तिला तो फोन कुणी सुरू करून दिलाय ते. उठलेसुद्धा. तर ह्यांनी मला हाताला धरून खाली बसवलं. त्या सोललेल्या हाताने. म्हणाले, कशाला? बोलू दे तिला.”

आई पुन्हा शेंगा सोलू लागली. गुरुवारी सगळ्यांसमोर बोलताना कार्डताईच्या डोळ्यांत पाणी आलं नव्हतं, दुपारी सही करतानाही आलं नव्हतं. ते आत्ता आलं आणि थांबेना. बाबांबद्दल, त्या कार्डाबद्दल, तीन निवृत्त माणसांबद्दल, जे मनात साठलं होतं ते सगळं ती हुंदके देत सांगत सुटली, आधीचं मागे, मागचं आधी. आईने मान वर केली नाही, तिला थांबवलंही नाही. ती एकेक शेंग उचलत होती, सोलत होती आणि दाणे परातीत टाकत होती.